जुने जपानी कार्टूनपट बघताना या चुका टाळा

सगळ्यात जास्त राग येतो तो तानुकीला अस्वल नाहीतर रॅकून म्हणणाऱ्यांचा. रॅकून अमेरिकेतला. तानुकी जपानचाच, कुत्र्याच्या कुळातला, आणि लोककथांमध्ये रूप पालटून माणसांना फसवणारा.

एका फिल्म क्लबात मुराता यासुजींचा 1930 चा 'ओइरा नो याक्यू' दाखवत होते. ससे विरुद्ध तानुकी, बेसबॉलचा सामना. निवेदकाने "ससे आणि अस्वलांची गोड मॅच" असं सांगून माइक ठेवला. चर्चेत एकाने विचारलं, नेमके हेच दोन प्राणी का? निवेदक म्हणाला, "सहज घेतले असतील." मग मी उठून 'काची-काची यामा' ही जपानी लोककथा सांगितली. तानुकी म्हातारीला मारतो. ससा सूड घेतो: तानुकीच्या पाठीवरची मोळी पेटवतो, भाजलेल्या जागी तिखट चोळतो, शेवटी त्याला मातीच्या होडीत बसवून बुडवतो. जपानी पोरांना हे वैर पाठ होतं. आपल्याकडे चिमणीचं घर मेणाचं होतं हे कुणाला सांगावं लागत नाही, तसंच. गोष्ट संपल्यावर तोच सामना पुन्हा लावायला लावला, तेव्हा कुठे लोक सशांच्या बाजूने ओरडायला लागले.

म्हणून माझा शिरस्ता ठरलेला आहे: आधी लोककथा, मग फिल्म. पाच मिनिटांचं वाचन ज्यांना जड जातं, त्यांनी 1933 च्या 'उगोकिए कोरी नो तातेहिकी'च्या वाटेला जाऊ नये. कोल्हा आणि तानुकी, दोघेही बहुरूपी. कोण कशाचं सोंग घेतोय हे कळलं तरच त्या झुंजीत जीव आहे.

मोमोतारो हा जपानी लोककथेतला वीर. त्याचे सोबती कुत्रा, माकड आणि फेझंट पक्षी गोंडस दिसतात म्हणून 1943 चा 'मोमोतारो नो उमिवाशी' मुलांना तसाच लावून देऊ नका. तो नौदलासाठी केलेला युद्धप्रचार आहे, पर्ल हार्बरच्या हल्ल्यावर.

मूकपटाला आवाज नाही म्हणून वाटेल ते गाणं चिकटवू नका. थिएटरात बेन्शी नावाचा निवेदक पडद्याशेजारी उभा राहून गोष्ट सांगायचा. तुम्हीही मोठ्याने सांगा.

आणि वेग तपासा. सेकंदाला 16 फ्रेमचा मूकपट 24 ने चालवला की दीडपट पळतो. त्यावर मोबाइलवर वेग आणखी वाढवून बघणाऱ्यांनी "चित्रं धड हलत नाहीत" अशी तक्रार माझ्याकडे आणू नये.