सरांच्या सत्काराची तयारी: आधी स्कोअरशीट, मग शाल

तुमच्या कॉलेजचे बास्केटबॉलचे सर यंदा साठीला येताहेत ना? मग सत्काराची तयारी आजच सुरू करा, आणि ती जिमखान्याच्या कपाटापासून करा. हॉल, हार, शाल-श्रीफळ, अल्पोपाहार हे सगळं कुणी ना कुणी करतंच.

स्कोअरशीट, म्हणजे प्रत्येक सामन्याच्या गुणनोंदीचे कागद, गोळा करा. आमच्या सरांच्या वेळी आमच्याकडून नेमकं हेच राहिलं. समारंभ तोंडावर आल्यावर कपाट उघडलं, तर खोलीच्या रंगकामात सगळे गठ्ठे रद्दीत गेलेले. मग मानपत्रात ‘असंख्य खेळाडू घडवले’, ‘अनेक विजेतेपदे मिळवून दिली’ अशी वाक्यं घालावी लागली. उभी नोकरी पहाटेच्या मैदानावर काढलेल्या माणसाच्या वाट्याला ‘असंख्य’ आणि ‘अनेक’ आलं, याचं मला आजही वाईट वाटतं.

अमेरिकेत फिलाडेल्फियातल्या एका छोट्या कॉलेजात हर्ब मगी १९६७ ते २०२२ कोच होते. त्यांचे विजय १,१४४. तिथल्याच विन्स्टन-सेलमच्या कॉलेजचे कोच क्लॅरेन्स गेन्स यांचे १९४६ ते १९९३ या काळातले ८२८. त्यांची कॉलेजंही काही मोठी नव्हती, पण प्रत्येक सामन्याचा कागद कुणीतरी जपला म्हणून हे आकडे आज सांगता येतात. आपल्या सरांना विचाराल तर ते म्हणतील, “अरे, कशाला आता ते?” त्यांचं इथे ऐकू नका.

कपाटाला हात लावण्याआधी प्राचार्यांची लेखी परवानगी घ्या. फिबाच्या, म्हणजे आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल संघटनेच्या, नियमाप्रमाणे स्कोअरशीटची गुलाबी प्रत जिंकलेल्या संघाला मिळते, पिवळी हरलेल्याला. म्हणजे तुम्हाला सापडतील त्या या दोन रंगांच्या, आणि जिथे कार्बनऐवजी झेरॉक्सवर भागवलं असेल तिथे नुसत्या पांढऱ्या. पिवळ्या बाजूला टाकू नका. हरलेल्या सामन्यांशिवाय कारकीर्द पुरी होत नाही. कार्बनची अक्षरं पुसट झालेली असतात, म्हणून टाचणी काढायच्या आधी, खिडकीजवळच्या उजेडात प्रत्येक कागदाचा फोटो घ्या. लॅमिनेशन करू नका, एकदा केलं की ते निघत नाही.

तारीख नसलेले कागद फार निघतील. ते टाकू नका, वाचा. गुणांच्या रकान्यात खेळाडूच्या नंबराभोवती गोल असेल तर ती तीन गुणांची बास्केट, म्हणजे कागद १९८४ नंतरचा. सामना दोन हाफमध्ये मांडला असेल तर २००० च्या आधीचा, चार क्वार्टर असतील तर नंतरचा. खेळाडूंचे सगळे नंबर ४ ते १५ मध्येच असतील तर बहुधा २०१४ च्या आधीचा. ही वर्षं नियम बदलल्याची; आपल्याकडे नवे नियम रुळायला वेळ लागतो, तेव्हा एखादं-दोन वर्षं इकडेतिकडे धरा. पण धरा! ‘वर्ष माहीत नाही’ असा शिक्का मारून मोकळे होऊ नका.

नावांचं काम किचकट आहे. शीटवर नुसतं ‘पाटील ए.’ असतं, आणि एका बॅचला तीन पाटील असतात. त्या बॅचच्या कॅप्टनला फोटो पाठवून विचारा. मुलींच्या संघाची यादी वेगळी आणि आधी करा. लग्नानंतर नावं बदलतात, गावं बदलतात, आणि माजी खेळाडूंच्या ग्रुपवर त्या नसतातच. माहेरच्या नावाने त्यांच्या वर्गमैत्रिणींकडे चौकशी करा, कुणीतरी सापडतं. त्यांना वगळून केलेली यादी मी यादी मानत नाही.

कपाट रिकामंच निघालं तर? कॉलेजच्या वार्षिक अंकातले क्रीडा अहवाल, विद्यापीठाच्या क्रीडा विभागातले आंतरमहाविद्यालयीन निकाल, घराघरांत पडलेली प्रमाणपत्रं. या वाटेने वेळ लागतो, म्हणून पुन्हा सांगते, आजच सुरू करा. आणि कपाट भरलेलं असेल तर स्कोअरशीट आजच बाहेर काढा, पुढचं रंगकाम कधी निघेल सांगता येत नाही.

मग गठ्ठा घेऊन सरांकडे बसा. व्यासपीठावर नाही, त्यांच्या घरी, चहा घेत. मोकळ्या हाताने गेलात तर ‘चांगली पोरं मिळाली’ यापुढे ते बोलणार नाहीत. कागद समोर ठेवा. चौथ्या क्वार्टरमधल्या टाइमआउटच्या खुणेवर बोट ठेवून ते सांगतील की तेव्हा कुणाला बाहेर घेतलं आणि का. फोनवर रेकॉर्ड करा, आधी विचारून.

उरलेलं भराभर. तारीख परीक्षा आणि विभागीय स्पर्धा टाळून धरा. भाषणं दोनच. मानपत्रात आकडे आणि नावं, विशेषणं कमी. आजी-माजी सामना ठेवणार असाल तर मुलांना सात नंबरचा बॉल, मुलींना सहाचा. पन्नाशीच्यांना वॉर्मअपशिवाय उतरवू नका. पेन्शनचे कागद ऑफिस बघतं, तरी एकदा चौकशी करा.

फाइलच्या तीन प्रती: सरांना, ग्रंथालयाला, नव्या कोचला. आणि स्कोअरशीटचे फोटो एकाच फोनमध्ये ठेवू नका. आज रात्रीच दुसरीकडे कॉपी करा.