एअरोनेटवर फर्मवेअर चढवताना या चुका टाळा

कंट्रोलरखाली, म्हणजे अनेक अ‍ॅक्सेस पॉइंट एका जागेवरून चालवणाऱ्या उपकरणाखाली, चाललेले जुने सिस्को एअरोनेट अ‍ॅक्सेस पॉइंट (वायफाय पुरवणारी उपकरणे) स्वतंत्रपणे वापरायचे ठरवले की फर्मवेअर, म्हणजे उपकरणातले मूळ सॉफ्टवेअर, बदलणे ओघाने येते, आणि तेथे खोळंबा होतो तो बहुधा फाइलचे नाव नीट न वाचल्यामुळे. ‘एपी३जी२-के९डब्ल्यू७’ या नावातील पहिला भाग हार्डवेअरचा गट सांगतो. २६००, २७००, ३६०० आणि ३७०० या मालिकांना एपी३जी२ चालते, १६०० ला मात्र एपी१जी२ लागते. पुढे के९डब्ल्यू७ असेल तर ती स्वतंत्र चालणारी इमेज (फर्मवेअरची फाइल), के९डब्ल्यू८ असेल तर कंट्रोलरच्या आधाराने चालणारी. त्याआधी ‘आरसीव्ही’ जोडलेले असेल, तर ती केवळ कंट्रोलर शोधून पूर्ण इमेज उतरवून घेण्यापुरती असते आणि तिच्यात रेडिओचे फर्मवेअरच नसते. मी एकदा तीच चढवून तासभर वायफायचे नाव दिसण्याची वाट पाहिली होती. अर्थात योग्य इमेज चढली तरी नाव आपोआप दिसत नाही, कारण स्वतंत्र इमेजमध्ये रेडिओ मुळात बंद असतात आणि ते हाताने सुरू करावे लागतात.

उपकरणावरचे मोड बटण दाबून इमेज चढवण्याच्या पद्धतीत संगणकाला १०.०.०.२ हा आयपी पत्ता देऊन त्यावर टीएफटीपी (फाइल पाठवण्याची साधी पद्धत) सर्व्हर चालवायचा, इमेजची टार फाइल (एकत्र बांधलेल्या फाइलींचा गठ्ठा) न उलगडता तिचे नाव ‘एपी३जी२-के९डब्ल्यू७-टार.डिफॉल्ट’ असे करायचे आणि वीज देताना बटण दाबून धरून दिवा लाल होईपर्यंत, म्हणजे साधारण २० ते ३० सेकंद, सोडायचे नाही. गंमत अशी की के९डब्ल्यू८ चढवायची असली, तरी बूटलोडर (उपकरण सुरू करणारा छोटा प्रोग्रॅम) के९डब्ल्यू७ हेच नाव मागतो. विंडोजने एक्स्टेन्शन लपवले असेल, तर ‘.डिफॉल्ट’च्या मागे जुने ‘.टार’ तसेच राहते आणि फाइल सापडत नाही. म्हणून उपकरणाचे संदेश संगणकावर दाखवणारी कन्सोल केबल ९६०० बॉड या वेगावर जोडूनच बसावे. उपकरण नेमके कोणते नाव मागत आहे, ते तेथे अक्षरशः वाचता येते. मागणी दिसते पण उत्तर जात नसेल, तर फायरवॉलमध्ये टीएफटीपीचे यूडीपी ६९ हे पोर्ट अडले आहे का आणि संगणकाचे वायफाय चालू राहिले आहे का, ते पाहावे. केबल थेट जोडली असेल, तर अ‍ॅक्सेस पॉइंट रीबूट होताना संगणकाचा दुवा तुटतो व सर्व्हर पत्ता गमावतो. मध्ये एक साधा स्विच ठेवला की हा त्रास संपतो.

कंट्रोलरकडून इमेज उतरत असताना एअरोनेट ‘डाउनलोडिंग’वरच अडकत असेल, तर केबल बदलत बसू नये. सिस्कोच्या आयओएस या प्रणालीवर चालणाऱ्या या उपकरणांच्या इमेज-स्वाक्षरीशी निगडित प्रमाणपत्राची मुदत ४ डिसेंबर २०२२ रोजी संपली, त्यामुळे जुन्या आवृत्त्या नवी इमेज नाकारतात. अशा वेळी कंट्रोलरवरील एनटीपी (नेटवर्कवरून घड्याळ आपोआप जुळवणारी सोय) बंद करून घड्याळ त्या तारखेच्या मागे न्यावे, सर्व अ‍ॅक्सेस पॉइंट नव्या आवृत्तीवर आले आहेत याची खात्री करावी आणि मगच वेळ पूर्ववत करावी.