चार मित्र, सात कामे आणि एक रविवार: सिटकॉमचा भाग कसा लिहावा

एकत्र राहणाऱ्या मित्रांपैकी प्रत्येकाने दोन-दोन कामे अंगावर घेतली आहेत आणि प्रत्येकाच्या मनात तिसऱ्याच कशाची तरी ओढ आहे, ही कल्पना सिटकॉमच्या, म्हणजे प्रसंगनिष्ठ विनोदी मालिकेच्या, लेखकाला हमखास मोहात पाडते. लिहायला बसल्यावर मात्र बहुतेक संहितांत नुसती धावपळ उरते. पात्रे दारातून आत येतात, घड्याळ पाहतात, ओरडतात आणि निघून जातात. माझ्या मते याचे कारण एकच असते: लेखक कामे मोजत बसतो आणि त्या कामांपोटी दिलेले शब्द विसरतो. कामांच्या गर्दीत स्वतः विनोदी असे काही नाही. एकाच माणसाने दोन माणसांना दिलेले दोन शब्द एकाच वेळेला पाळायची पाळी आली, की विनोद सुरू होतो, आणि त्याची भरपाई तिसऱ्याच मित्राला करावी लागली, की त्या विनोदाला वजन येते. हे सूत्र हाताशी धरून भाग कसा रचावा, हे एका नमुन्याच्या आधाराने पाहू.

आधी जागेचा अंदाज घ्यावा. अमेरिकी वाहिन्यांवरील अर्ध्या तासाच्या सिटकॉममध्ये जाहिराती वगळल्यावर साधारण 22 मिनिटे उरतात, आणि हा साचा तेथेच घडला असल्यामुळे वेबसाठी मराठीत लिहिणाऱ्यानेही तेवढेच माप धरून सुरुवात करणे सोयीचे ठरते. या 22 मिनिटांत एक मुख्य कथानक, एक दुय्यम कथानक आणि फार तर एक लहानसा धागा मावतो. म्हणून चार पात्रे असली, तरी चार सारखीच मोठी कथानके लिहू नयेत. कोणाची गोष्ट मुख्य आहे, हे पहिल्याच दिवशी ठरवावे आणि बाकीच्यांची कामे त्या गोष्टीवर भार टाकण्यापुरतीच ठेवावीत.

नमुन्यासाठी पुण्यात कोथरूडला एका भाड्याच्या घरात राहणारे चार काल्पनिक मित्र घेऊ. मंजिरी खासगी बँकेत नोकरी करते आणि घरगुती जेवणाच्या ऑर्डर घेते. तिला स्वतःचा केटरिंगचा व्यवसाय उभा करायचा आहे. निखिल एका आयटी कंपनीच्या हेल्पडेस्कवर आहे आणि रविवारी न्यू जर्सीतील मराठी मुलांना ऑनलाइन तबला शिकवतो; मोठ्या मैफलीत साथीला बसणे हे त्याचे स्वप्न आहे. सलोनी डबिंग करते आणि मुलांच्या वाढदिवसांना सूत्रसंचालन करते, कारण अभिनेत्री होईपर्यंत घरभाडे भरावेच लागते. चौथा अद्वैत फक्त एमपीएससीचा अभ्यास करतो. सात कामे झाली, आणि त्यांतील सातवे घरात कोणीही काम म्हणून मोजत नाही. मुख्य गोष्ट अद्वैतची करावी, ती याचसाठी. ज्याच्याकडे पगाराचा पुरावा नाही, त्याचा वेळ सर्वांना मोकळा वाटतो, आणि हे मराठी घरांत इतके खरे आहे की त्यासाठी वेगळे काही रचावे लागत नाही.

यानंतर संवादाची एकही ओळ लिहू नये. मोठ्या कागदावर तक्ता आखावा: आडव्या ओळींत चार मित्र, उभ्या रकान्यांत दुपारी 4 पासून रात्री 10 पर्यंतचे अर्धे-अर्धे तास. प्रत्येक चौकटीत ते पात्र कोठे आहे, कोणासाठी काय करत आहे आणि तेथून निघून पुढच्या ठिकाणी पोचायला किती वेळ लागेल, हे लिहावे. रविवारी संध्याकाळी वाकडहून कोथरूडला येणारी सलोनी पंधरा मिनिटांत दारात उभी राहिली, तर पुण्यातला प्रेक्षक त्याच क्षणी गोष्टीवरचा विश्वास गमावतो. तक्ता पूर्ण झाला, की ज्या चौकटींत दोन कामे एकमेकांवर चढली आहेत, त्या लाल पेन्सिलीने घेराव्यात. अशी एकच ठळक चौकट पुरते. पाच-सहा निघाल्या, तर कामे कमी करावीत.

आपल्या नमुन्यात ती चौकट अशी येते. मंजिरीला तिची पहिली मोठी ऑर्डर मिळाली आहे, रविवारी रात्री साडेआठचे साठ माणसांचे केळवण. जेवण साडेसातला गाडीत घालून न्यायचे आहे, आणि चारचाकी चालवता येणारा निखिल एकटाच आहे. त्याचा तबल्याचा वर्ग साडेसहाला सुरू होऊन सव्वासातला संपतो, म्हणून त्याने मंजिरीला निःशंकपणे शब्द दिला आहे. सलोनी सात वाजेपर्यंत वाकडला वाढदिवसात आहे. अद्वैतचा घरीच सोडवायचा दोन तासांचा ऑनलाइन सराव पेपर सहा ते आठ आहे. सर्व काही जेमतेम जमते आहे.

आता हे बिघडवायचे कसे? येथे बरेच लेखक अपघात, पाऊस किंवा आजारी आजी आणतात, आणि ते मला पटत नाही, कारण बाहेरून आलेले संकट पात्रांच्या स्वभावाला हात लावत नाही. बिघाड नियमाने यावा आणि तो पात्राला आधीच कळला असता, असा असावा. अमेरिकेत नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी पहाटे घड्याळे एक तास मागे जातात. न्यू जर्सीच्या सकाळी नऊचा जो वर्ग उन्हाळ्यात भारतीय वेळेनुसार संध्याकाळी साडेसहाला असतो, तो त्या दिवसापासून साडेसातला येतो. कोणाचीही चूक नसताना निखिलचे दोन शब्द एकाच चौकटीत जाऊन बसतात, आणि तरीही चूक त्याचीच ठरते, कारण गुरुवारी एका विद्यार्थिनीच्या आईने पाठवलेला व्हॉइस मेसेज त्याने अर्धवट ऐकून बंद केला होता. हा मेसेज शीर्षकगीतापूर्वीच्या पहिल्याच प्रसंगात प्रेक्षकाच्या कानावर पडला पाहिजे. तो दुसऱ्या एखाद्या विनोदाच्या आड ठेवावा, म्हणजे ऐकू येतो पण लक्षात राहत नाही, आणि पुढे आठवल्यावर लेखकाने फसवले असे कोणाला वाटत नाही.

बिघाडानंतरचा चढ, म्हणजे पायरीपायरीने वाढत जाणारा गोंधळ, रचणे हे या प्रकारातील सर्वांत अवघड काम आहे आणि त्यासाठी 1952 सालचा एक भाग बारकाईने पाहण्यासारखा आहे. सीबीएस वाहिनीवर 1951 मध्ये सुरू झालेल्या ‘आय लव्ह लूसी’ या मालिकेच्या ‘जॉब स्विचिंग’ या भागात पैशांवरून वाद होतो, नवरे घरकाम अंगावर घेतात आणि लूसी व तिची मैत्रीण एथेल चॉकलेटच्या कारखान्यात कामाला लागतात. सरकत्या पट्ट्यावरून येणारे प्रत्येक चॉकलेट कागदात गुंडाळायचे आणि एक जरी तसेच पुढे गेले तर नोकरी संपली, असा स्पष्ट नियम मुकादमीण सांगते. पट्टा सुरुवातीला संथ असतो. तो वेग घेतो तशा दोघी चॉकलेटे तोंडात, टोपीत, कपड्यांत कोंबू लागतात. मुकादमीण परत येते, रिकामा पट्टा पाहून खूश होते आणि वेग आणखी वाढवायला सांगते.

या प्रसंगातील रचना नीट समजून घ्यावी, कारण लोक फक्त तोंडात कोंबलेली चॉकलेटे लक्षात ठेवतात. आधी नियम सांगितला जातो, आणि तो इतका सोपा असतो की लहान मुलालाही कळावा. मग काम जमते, हे दाखवले जाते. मग ते जमेनासे होते आणि पात्रे आपले अपयश लपवतात. शेवटी लपवणे यशस्वी होते, आणि त्या यशाचे बक्षीस म्हणून आणखी काम मिळते. ही शेवटची पायरी सोन्याची आहे. अनेक नोकऱ्या करणाऱ्या माणसाच्या आयुष्याचे सत्य तीच सांगते: निभावून नेणाऱ्याच्या अंगावरच पुढचा भार येतो.

तीच पायरी आपल्या भागात आणू. निखिल गाडी घेऊन निघतो आणि तबल्याच्या वर्गासमोर अद्वैतला बसवतो. तबल्याला अद्वैतने कधी हातही लावलेला नाही. नियम एकच: मुलांचे पालक दुसऱ्या खोलीतून ऐकत असतात, त्यामुळे वर्ग थांबता कामा नये. अद्वैत कागदावर लिहून दिलेला त्रिताल हाताने टाळी देत म्हणू लागतो. तिसऱ्या विभागात तो ‘धा धिं धिं धा’च म्हणतो आणि सात-आठ वर्षांचा एक मुलगा शांतपणे सांगतो, की दादा, येथे टाळी नाही, खाली आहे, ‘धा तिं तिं ता’ म्हणायचे. अद्वैत सावरतो, मुलांनाच एकमेकांना शिकवायला लावतो, आणि एमपीएससीच्या सवयीने प्रत्येक उत्तराला गुण देऊ लागतो. वर्ग रंगतो. सव्वाआठला एक आई पडद्यासमोर येऊन म्हणते, की मुले आज फारच रमली, आमच्या मैत्रिणीच्या दोन मुलांनाही आत्ताच जोडले आहे, अजून अर्धा तास घ्याल का. शेजारच्या टॅबवर अद्वैतचा पेपर आठ वाजताच बंद झालेला आहे. प्रेक्षक हसत असताना कॅमेऱ्याच्या त्याच चौकटीत ते दिसावे. त्या बंद पेपरवर कोणी बोलू नये.

पैशाचा हिशेब संहितेत असलाच पाहिजे. मित्रांच्या मालिकांत घरभाडे कोण भरते, हे बहुधा धूसर ठेवले जाते आणि त्यामुळे कामांची ओढाताण खोटी वाटू लागते. 1994 ते 2004 या काळात एनबीसीवर चाललेल्या ‘फ्रेंड्स’मध्ये एक भाग नेमका यावर आहे: सहा मित्रांपैकी तिघे बरे कमावतात, तिघांची मिळकत तुटपुंजी आहे, आणि एकत्र जेवायला जाणे, वाढदिवसाची वर्गणी काढणे, गाण्याच्या कार्यक्रमाची तिकिटे काढणे यांतून ती दरी उघडी पडते. तो भाग अजून ताजा वाटतो, कारण लाज दोन्ही बाजूंना आहे; देणाऱ्यालाही संकोच होतो आणि घेणाऱ्यालाही. आपल्या भागात मंजिरीने मिळालेल्या आगाऊ रकमेतून किराणा आणि भाड्याची भांडी आणली आहेत, म्हणजे ऑर्डर फसली तर ते पैसे परत देण्याची तिची ऐपत नाही, एवढे एका वाक्यात कळले, की तिची घाई प्रेक्षकाला आपली वाटते. मराठीत 2015 साली झी मराठीवर सुरू झालेल्या ‘दिल दोस्ती दुनियादारी’ने मुंबईत एका घरात राहणारे सहा तरुण आणले, तेव्हा घरापासून दूर राहून नोकरी आणि स्वप्न यांच्यात वावरणारी एक अख्खी पिढी त्यात स्वतःला शोधत होती. तो प्रेक्षक आजही आहे आणि त्याला भाड्याचा आकडा माहीत आहे.

संवादांकडे आता वळावे. थकलेली माणसे लांब बोलत नाहीत, म्हणून मध्यापासून वाक्ये आखूड होत जावीत. मराठी लेखकाच्या हाती येथे एक मोठे साधन आहे, ते म्हणजे संबोधने. एकाच मिनिटात मंजिरी फोनवर गिऱ्हाइकाला ‘काकू, तुम्ही अगदी निर्धास्त राहा’ म्हणते, स्वयंपाकघरात सलोनीला ‘अगं, झाकण लाव ना’ म्हणते आणि बँकेतल्या वरिष्ठांच्या फोनवर ‘हो सर, बघते सर’ म्हणते. तिन्ही आवाज वेगळे लिहिता आले, तर तिच्या तीन आयुष्यांचे वर्णन करण्याची गरजच राहत नाही. मग चढाच्या टोकाला ती वरिष्ठांना चुकून ‘अरे, थांब जरा’ म्हणून जाते, आणि तो विनोद भाषेतूनच उगवतो. अद्वैतला मात्र सगळे एकाच सुरात हाक मारतात: ‘अद्या, दोनच मिनिटं.’ हे वाक्य भागात चारदा यावे. पाचव्यांदा येऊ देऊ नये.

चढ संपल्यावर एक शांत प्रसंग हवा, आणि तो दीड मिनिटाहून मोठा नसावा. केळवण पार पडले आहे, मित्र उरलेले जेवण घेऊन रात्री परत आले आहेत, आनंदात आहेत. मंजिरी टॅब बाजूला सरकवताना पाहते, की शेवटचे पंचवीस प्रश्न कोरे आहेत. येथे क्षमायाचनेचे भाषण लिहिण्याचा मोह आवरावा. ती ताट वाढते आणि विचारते, ‘पुढचा पेपर कधी आहे?’ तो तारीख सांगतो, आणि ती फ्रिजवरच्या ऑर्डरींच्या यादीत ती तारीख स्वतःच्या हाताने लिहिते. ज्या यादीत आजवर फक्त पैसे देणारी कामे होती, तिच्यात त्याचे काम आले. बदल एवढाच असावा.

पात्रांकडे कोणत्या नजरेने पाहावे, हाही रचनेचाच भाग आहे. ‘एक ना धड, भाराभर चिंध्या’ ही म्हण मनात ठेवून या पात्रांकडे पाहिले, तर संहिता उपदेश करू लागते. ही मुले हावरट नाहीत. एका पगारात घर आणि स्वप्न दोन्ही चालत नाही, म्हणून ती ओढली जात आहेत. शेवटी एखाद्याने एखादे काम सोडले तरी चालेल, पण स्वप्न सोडायला लावू नये. मालिकेचा पुढचा भाग पुन्हा याच घरात सुरू होणार असतो.

पहिला खर्डा झाला, की चार माणसे बसवून मोठ्याने वाचन करावे आणि शेजारी घड्याळ ठेवावे. अमेरिकी पद्धतीत आठवड्याची सुरुवात अशाच वाचनाने होते आणि चित्रीकरणापर्यंत संहिता पुन्हा पुन्हा लिहिली जाते. वाचताना कोठे हसू आले, यापेक्षा कोण कोठे आहे हे ऐकणाऱ्याला कोठे कळेनासे झाले, त्याच्या खुणा कराव्यात, कारण गोंधळाची गोष्ट सांगताना प्रेक्षकाचा स्वतःचा गोंधळ उडाला तर तो हसत नाही. वाचन 22 मिनिटांपलीकडे गेले, तर कात्री आधी सलोनीच्या वाढदिवसाला लावावी, मग केळवणाच्या मांडवाला. गुरुवारचा तो व्हॉइस मेसेज मात्र कितीही अनावश्यक वाटला, तरी एका शब्दानेही कमी करू नये.