कियारा, अनाया, रेयांश: वेगळ्या स्पेलिंगच्या नावाचा अर्थ शोधताना या चुका टाळा

कियारा या नावापुढे एका यादीत ‘तेजस्वी’ असा अर्थ असतो, तर दुसऱ्या यादीत ‘काळ्याभोर केसांची’. कुणीतरी चुकलंय असं वाटतं. खरं तर दोन्ही अर्थ बरोबर आहेत, कारण ही दोन वेगळी नावं आहेत आणि मराठीत लिहिली की ती सारखी दिसतात.

पहिलं इटालियन. त्याचं स्पेलिंग सी-एच-आय-ए-आर-ए. लॅटिनमधल्या ‘क्लारा’ म्हणजे उजळ, स्वच्छ या शब्दापासून ते आलं. लॅटिनमध्ये व्यंजनानंतर येणाऱ्या ‘ल’चा इटालियनमध्ये ‘य’सारखा उच्चार झाला: ‘प्लानुस’चं ‘पियानो’ झालं, तसं ‘क्लारा’चं ‘क्यारा’. गोव्यातल्या ख्रिस्ती घरांतली क्लारा ही तिची सख्खी बहीण. पोर्तुगीजमध्ये तो ‘ल’ टिकून राहिला एवढंच. दुसरं नाव आयरिश, सी-आय-ए-आर-ए. ते ‘कीअर’ म्हणजे काळा, सावळा या शब्दापासून आलं आणि त्याचा उच्चार ‘कीरा’च्या जवळ जातो. म्हणजे एक उजेडाचं नाव आणि दुसरं सावळ्या रंगाचं. के-आय-ए-आर-ए हे आपल्याकडचं सोपं स्पेलिंग दोघींनाही चालतं, म्हणूनच घोळ होतो.

चूक पहिली: स्पेलिंग आपल्या सवयीने वाचणं

रोमन अक्षरांचा उच्चार भाषेगणिक बदलतो. इटालियनमध्ये ‘सी’नंतर ‘आय’ आला तर ‘च’, मध्ये ‘एच’ घातला तर ‘क’. आपल्या इंग्रजीच्या सवयीला हे नेमकं उलटं वाटतं, म्हणून इटालियन नाव ‘चियारा’ असं वाचलं जातं. आयरिशमध्ये ‘सी’ नेहमी ‘क’च, तरी ते नाव ‘सियारा’ होऊन बसतं. कियानचंही तसंच आहे. सी-आय-ए-एन लिहिलेलं आयरिश ‘कीअन’ म्हणजे प्राचीन, दीर्घकाळचा. के-आय-ए-एन लिहिलेलं फारसी ‘कियान’ मात्र ‘कै’ म्हणजे राजा या शब्दाच्या कुळातलं. मुंबईच्या पारशी घरांतल्या कैखुश्रू, कैकोबाद या नावांत तोच ‘कै’ आहे. तेव्हा अर्थ शोधण्याआधी नाव कोणत्या भाषेतलं ते ठरवा आणि त्या भाषेच्या मूळ लिपीत ते कसं लिहितात ते पाहा. हे केल्याशिवाय पुढचं काहीही खात्रीचं नाही.

चूक दुसरी: प्रत्येक नावाला संस्कृत अर्थ चिकटवणं

सगळ्यात जास्त फसगत इथेच होते. अनाया हे नाव घ्या. यादीत ‘अद्वितीय’, ‘देवाची कृपा’ असं काहीबाही असतं. संस्कृतात ‘अनय’ म्हणजे अनीती, दुर्वर्तन, आपत्ती. ‘अनया’ हे ‘इदम्’ सर्वनामाचं स्त्रीलिंगी तृतीया एकवचन, म्हणजे ‘हिने’. ‘ना’ दीर्घ ठेवून अन् + आय असा विग्रह केला, तर अर्थ निघतो ‘मिळकत नसलेली’. लेकीच्या नावासाठी यातलं काहीच कुणाला नको असतं. चांगला अर्थ हवा असेल तर तो अरबीत आहे: ‘इनाया’ म्हणजे काळजी, जपणूक. इनायत हा ओळखीचा शब्द त्याच घरातला. हिब्रू बायबलमध्येही ‘अनाया’ आहे, ‘परमेश्वराने उत्तर दिलं’ या अर्थाचं, पण तिथे ते पुरुषाचं नाव आहे.

परभाषेतलं नाव ठेवण्यात वावगं काही नाही. वराहमिहिराच्या नावातला ‘मिहिर’सुद्धा इराणी भाषेतून संस्कृतात आलेला आहे. फक्त मूळ जिथलं आहे तिथलंच सांगावं. मूल मोठं झाल्यावर आपल्या नावाचा अर्थ वर्गात सांगतं, तेव्हा तो खोटा निघू नये.

नाव संस्कृत असल्याचा दावा असेल तर एक साधी चाचणी करा. नावाचे दोन तुकडे पाडा आणि दोन्ही तुकडे आपट्यांच्या संस्कृत कोशात शोधा. दिव्यांश म्हणजे दिव्य + अंश. दोन्ही सापडतात आणि संधीही बरोबर. रेयांश म्हणजे ‘प्रकाशाचा किरण’ असं सांगतात, पण ‘रेय’ असा किरणवाचक शब्द संस्कृतात नाही. हा ‘रे’ इंग्रजीतला आहे. शिवाय ‘अंश’ म्हणजे भाग. किरणाचा शब्द ‘अंशु’, उकारान्त. त्यावरूनच सूर्याला अंशुमान म्हणतात. किरण हवा असेल तर अंशुमान आहे, रश्मी आहे, मरीची आहे. कियांशचं तर ‘कियत्’ म्हणजे ‘किती’ एवढंच मूळ हाती लागतं, आणि संधी नियमाने केली तर होतं ‘कियदंश’, म्हणजे ‘कितीसा भाग’. कोश पाहताना ऱ्हस्व-दीर्घ, ण-न, श-ष-स तंतोतंत धरा. एका मात्रेने पान बदलतं.

पत्रिकेच्या अक्षरासाठी नाव बनवणं

सत्तावीस नक्षत्रं, प्रत्येकाचे चार चरण, म्हणून 108 अक्षरं. त्यात आर्द्रेच्या तिसऱ्या चरणाला ङ, हस्ताच्या तिसऱ्याला ण, उत्तरा भाद्रपदेच्या चौथ्याला ञ येतं. ही अक्षरं नावाच्या सुरुवातीला येतच नाहीत, आणि मग ओढूनताणून नाव घडवलं जातं. त्याची गरज नाही. ङ, ञ, ण यांच्या जागी अनुक्रमे ग, ज, ड घ्यावं, अशी सोय परंपरेतच सांगितलेली आहे.

चूक मोठी: देवनागरी आधी न ठरवणं

रोमन स्पेलिंगवरून मराठी नाव परत मिळेलच असं नाही. ए-आर-वाय-ए म्हणजे मुलगा आर्य की मुलगी आर्या? ए-आर-एन-ए-व्ही वरून ‘अर्नव’ लिहिलं की समुद्र हा अर्थच गेला. शब्द ‘अर्णव’ आहे. आपल्याकडे ऋ चा उच्चार ‘रु’, हिंदीत ‘रि’. म्हणून ऋतुजाच्या स्पेलिंगमध्ये कुठे ‘यू’ असतो, कुठे ‘आय’. दोन्ही चालतात, पण एकाच मुलीच्या कागदांवर दोन नकोत. ऋतुजा आणि ऋजुता यांची सरमिसळही होते: पहिलीत ऋतू आहे, दुसरीत सरळपणा. ज्ञ तर आणखी अवघड. मराठी माणूस ज्ञानदाची सुरुवात डी-एन-वाय अशी करतो, हिंदी भाषक जी-वाय लिहितो. ‘डी-एन-वाय’वरून आपोआप मराठी करणारं सॉफ्टवेअर ‘डन्या’सारखं काहीही करू शकतं. मराठी रकाना स्वतः वाचल्याशिवाय सही करू नका.

अंकशास्त्रासाठी जादा ‘ए’ किंवा ‘एच’ घालायचा असेल, तर तो जन्मनोंदणीच्या आधीच ठरवा. पासपोर्टच्या तळाशी यंत्राने वाचायच्या दोन ओळी असतात. त्यात आडनाव, नाव आणि मधली चिन्हं मिळून 39 जागा. वडिलांचं नावही जोडलं तर त्या लवकर भरतात. वर लटकणारा स्वल्पविराम तिथे गळतो: डि’सोझा सलग छापलं जातं. तेव्हा नावात असलं चिन्ह मुद्दाम घालू नका.

जन्माची नोंद 21 दिवसांत करायची असते, पण नाव त्याच वेळी द्यावं लागत नाही. नाव 12 महिन्यांपर्यंत विनाशुल्क घालता येतं, त्यानंतर विलंब शुल्क भरून 15 वर्षांपर्यंत. त्यामुळे दवाखान्याच्या फॉर्मवर घाईत काहीतरी लिहून देऊ नका. 1 ऑक्टोबर 2023 रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांसाठी शाळाप्रवेशापासून वाहन परवान्यापर्यंत जन्मतारखेचा आधार जन्माचा दाखलाच आहे. महाराष्ट्रातल्या दाखल्यावर नाव मराठी आणि इंग्रजी दोन्हींत असतं. एका कागदावर दोन्ही लिप्यांतलं नाव मोठ्या अक्षरांत लिहा, जोडाक्षरं सुटी फोडून दाखवा (अर्णव: अ, र्, ण, व) आणि तो कागद अर्जाला जोडा. छापील दाखला हातात आला की खिडकीपाशीच वाचा, आधी मराठी ओळ आणि मग इंग्रजी.