नंबर तोच ठेवून मोबाइल कंपनी कशी बदलावी

कंपनीवरील निष्ठा ग्राहकाने केवळ नंबर गमावण्याच्या भीतीपोटी सांभाळू नये, यासाठी 20 जानेवारी 2011 पासून देशभर नंबर पोर्टेबिलिटीची सोय आहे. 2016 मध्ये जिओ आल्यावर चुरस वाढली, तेव्हा या सोयीचे मोल अनेकांना कळले.

आधी नव्या कंपनीचे नेटवर्क घरात आणि कामाच्या ठिकाणी नीट मिळते का, हे शेजाऱ्यापाजाऱ्यांच्या फोनवर पाहून घ्यावे, कारण स्वस्त प्लॅन घेऊन रेंज नसेल तर त्याचा उपयोग नाही. मग PORT हा शब्द इंग्रजी अक्षरांत लिहून, जागा सोडून, आपला दहा अंकी नंबर टाकून 1900 वर एसएमएस पाठवावा. नंबर सध्याच्या कंपनीत किमान 90 दिवस चालू असेल आणि पोस्टपेडचे मुदत उलटलेले बिल थकलेले नसेल, तर आठ अक्षरी कोड येतो. महाराष्ट्रात तो साधारण चार दिवसच चालतो, म्हणून तो कोड आणि ओळखपत्र घेऊन लगेच नव्या कंपनीच्या दुकानात अर्ज करावा. हा कोड फोनवर कोणालाही सांगू नये.

जुनी कंपनी या काळात खास सवलत देऊ करते. ती खरोखर फायद्याची वाटली, तर अर्ज केल्यापासून 24 तासांच्या आत तो रद्द करता येतो. प्रीपेडमधील शिल्लक मात्र नव्या कंपनीकडे जात नाही, त्यामुळे रिचार्ज संपत आल्यावरच अर्ज करणे शहाणपणाचे.