सांगलीत बसून नॉर्वेसारखं फिल्म एडिटिंग कसं शिकायचं

नॉर्वेत एडिटरला 'क्लिपर' म्हणतात, म्हणजे कापणारा. तिकडं लिलेहामरला 1997 पासून सरकारी फिल्म स्कूल आहे, एडिटिंगचा वेगळा 3 वर्षांचा कोर्स, पण शिकवणं स्कॅन्डिनेव्हियन भाषेत आणि 2023 पासून युरोपबाहेरच्यांना फी पण, त्यामुळं आधी इथंच हात बसू दे.

मार्केट यार्डात हळदीचा सौदा मोबाईलवर 20 मिनिटं शूट करा (आधी विचारून घ्या), दाविंची रिझॉल्व्ह या एडिटिंग सॉफ्टवेअरचं फ्री व्हर्जन टाका आणि त्यातनं 2 मिनिटं काढा. पहिल्यांदा आवाज बंद करून कापा. बोली लावणाऱ्यापेक्षा शेतकऱ्याचा चेहरा धरा, भाव ऐकल्यावर तो क्षणभर गप्प होतो ना, तिथंच खरा सीन आहे, तिथं घाईनं कट मारला की सगळं गेलं! मग आवाज लावून परत बघा, निम्मे कट बदलावे लागतील, लागू देत.

नॉर्वेचा दिग्दर्शक योआकिम ट्रिअरचे पिक्चर बघाच. 2006 च्या पहिल्या पिक्चरपासून एडिटर एकच, ओलिव्हिए बुग्गे कुटे. म्हणून सांगतो, तुमच्या ओळखीतला, नाटकाच्या ग्रुपमधला वगैरे, जो कुणी शॉर्ट फिल्म करतोय त्याला आत्ताच गाठा आणि त्याचा एडिटर व्हा.