अपील दाखल झालं, पण प्लॉट उघडाच राहिला: मनाई हुकूमाबाबतच्या या चुका टाळा

नागपूरच्या दिवाणी न्यायालयात दावा फेटाळला गेला की पक्षकाराचा पहिला प्रश्न असतो, "साहेब, अपील करता येईल ना?" येतं. पण त्या संध्याकाळी विचारायला हवा तो प्रश्न वेगळा: उद्या सकाळी समोरच्यानं प्लॉटवर विटा उतरवल्या, तर त्याला अडवणारा कोणता आदेश आज आपल्या हाती आहे? बहुतेकदा एकही नसतो. निशाणी 5 वर, म्हणजे दाव्यासोबत केलेल्या तात्पुरत्या मनाईच्या अर्जावर, मिळालेला मनाई हुकूम (समोरच्याला जागेत काही करण्यापासून रोखणारा आदेश) दाव्यापुरता असतो आणि दाव्याबरोबरच संपतो. ज्या कागदाच्या भरवशावर वर्षानुवर्षं निवांत झोप लागली, तो निकालाच्या दिवशी निव्वळ कागद उरतो. अनेकांना हे कळतं तेव्हा कुंपणाचे खांब रोवून झालेले असतात. माझ्या डोळ्यांदेखत असं झालं आहे, म्हणून इतक्या कळकळीनं लिहितो आहे.

निकाल ऐकल्याबरोबर, त्याच न्यायालयात, आधीचा आदेश अपील दाखल होईपर्यंत काही दिवस चालू ठेवावा असा अर्ज द्या. तो मंजूर होईलच असं नाही, पण मागितलंच नाही तर मिळणार कुठून? निकालाच्या प्रमाणित नकलेचा अर्जही त्याच दिवशी टाका. जिल्हा न्यायालयात अपिलाला 30 दिवसांची मुदत असते आणि नक्कल तयार व्हायला लागलेले दिवस त्यातून वगळले जातात. ही सवलत फक्त मुदतीची. त्या दिवसांत जागेचं रक्षण कोणी करत नाही. उन्हाळी सुटी आडवी आली तर सुटीतल्या न्यायाधीशांपुढे तातडीचा अर्ज करा, जून उजाडायची वाट पाहू नका.

स्थगिती मागितली, आणि तिथेच फसलं

ही चूक तर नेहमीचीच. दावा फेटाळणाऱ्या हुकूमनाम्यात (निकालानंतरच्या औपचारिक आदेशात) अंमलात आणण्यासारखं काही नसतं, मग न्यायालय स्थगिती देणार कशाला? अशा वेळी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 39, नियम 1 व 2 खाली अपिलातच नव्यानं मनाई मागावी लागते. ताबा देण्याचा हुकूम तुमच्याविरुद्ध झाला असेल, तर मात्र स्थगितीच हवी आणि ती आदेश 41, नियम 5 खाली. नुसतं अपील दाखल केल्यानं दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याची अंमलबजावणी, थांबत नाही. मोठं नुकसान होईल हे दाखवावं लागतं, अर्ज विनाविलंब करावा लागतो आणि तारणही द्यावं लागतं.

मनाईच्या अर्जात निशाणी 5 चा जुना मजकूर जसाच्या तसा उतरवू नका. प्रथमदर्शनी बाजू (वरवर पाहता दावा खरा वाटणं), सोयीचा तोल (आदेश न दिल्यास जास्त गैरसोय कोणाची) आणि भरून न येणारं नुकसान या कसोट्या त्याच असतात. पण आता तुमच्याविरुद्ध निकाल आहे. खालच्या न्यायालयानं कोणता पुरावा वाचलाच नाही, कोणत्या कागदाचा अर्थ चुकवला, हे नेमकं दाखवल्याशिवाय पहिली कसोटीच पार होत नाही.

जागेचं वर्णनही नीट लिहा. आपल्याकडे एकाच मौजात दोन-तीन ले-आऊटांत तोच प्लॉट नंबर सापडतो. मौजा, खसरा (जमिनीचा भूमापन) क्रमांक, ले-आऊट, चतुःसीमा आणि असल्यास नासुप्रचं (नागपूर सुधार प्रन्यासाचं) प्लॉट नियमित केल्याचं आरएल पत्र किंवा आखीव पत्रिका (नगर भूमापनाचा मालमत्ता उतारा), सगळं जुळायला हवं. नाहीतर पोलीस आदेश वाचून विचारतात, "यातला प्लॉट कोणता?"

'जैसे थे' आदेश, म्हणजे जागा आहे तशीच ठेवण्याचा आदेश, मिळाला तर त्या दिवशी जागेवर काय होतं याचे तारखेसह फोटो शपथपत्राला जोडा. आधी कसं होतं हेच नोंदवलेलं नसेल, तर बदल झाला हे सिद्ध कसं करणार?

विक्रीचा धोकाही राहतो. मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम 52 मुळे खटला चालू असताना घेणाऱ्यालाही निकाल बांधतो. पण महाराष्ट्राच्या दुरुस्तीत खटल्याची नोटीस नोंदवण्यावर भर आहे. ती दुय्यम निबंधकाकडे नोंदवायला विसरू नका.

समोरच्याला न ऐकता आदेश मिळाला असेल, तर अर्ज, शपथपत्र आणि कागदपत्रांच्या प्रती त्याला लगेच पाठवून, पाठवल्याचं शपथपत्र त्याच किंवा दुसऱ्या दिवशी दाखल करा. आदेश मोडला गेला तर आदेश 39, नियम 2अ खाली अर्ज करता येतो. मालमत्ता जप्त होऊ शकते, तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते. त्यासाठी आदेश त्याच्यापर्यंत पोचला होता हे दाखवणारी पोचपावती जपून ठेवा.